नळीच्या टोकाचा दिवा

[दृश्य: मालवणचा किनारा, सकाळ. रापण, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायचं मोठं जाळं, ओढली जात आहे.]

दोन्ही दोरांना माणसं लागलीत. त्यांच्याकडे नंतर बघू. वाळूत बसून बांगडे वेगळे काढतोय, त्या निळ्या गंजीतल्या माणसाकडे लक्ष असू द्या. दोन पावसाळ्यांपूर्वी तोही दोरावर असायचा. मग एका रात्री रक्ताची उलटी झाली. त्याआधी चार दिवस शौचाला डांबरासारखी काळी होत होती. पण असलं कोण कुणाला सांगतं?

[दृश्य: एंडोस्कोपीची खोली. इथे तोंडातून नळी घालून पोट आतून बघतात.]

हा तोच माणूस. रात्रीपासून पोटात काही नाही. घशात कडू फवारा मारलाय, त्यामुळे जीभ जड झालीय. डावी कूस, दातांत प्लास्टिकचं कडं. सिस्टर कानाशी वाकून सांगतात, "काकानू, नाकान श्वास घेवा. लाळ येवंदे भायर."

लोक जिला घाबरतात ती नळी ही एवढीच, करंगळीएवढी जाड. टोकाला दिवा आणि कॅमेरा, पाण्याची बारीक धार, आणि आतून अवजार सरकवायला एक पोकळ वाट. नळीवर सेंटिमीटरचे आकडे आहेत. चाळिसाचा आकडा दातांजवळ आला, की अन्ननलिका संपून जठर सुरू झालं असं साधारण समजायचं.

[दृश्य: पडद्यावर अन्ननलिकेचा आतला भाग.]

फिकट गुलाबी भिंत. आणि तिच्यावर खालून वर चढत आलेल्या या निळसर, फुगीर, नागमोडी रेघा. त्या शिरा आहेत. यकृत घट्ट झालं की आतड्याकडून येणाऱ्या रक्ताला त्यातून जायला जागा मिळत नाही. माडाच्या बागेतला पाट तुंबला की पाणी बांधावरून भलतीकडे वळतं, तसं ते रक्त या पातळ शिरांत शिरतं. त्यातली एखादी फुटते.

यकृत असं का झालं, याचं गावाकडे एकच उत्तर असतं: दारू. इथे ते खरंही होतं. पण बी आणि सी प्रकारची कावीळ, मधुमेह, यकृतात साचलेली चरबी यांतूनही सिरोसिस, म्हणजे यकृत असं घट्ट होणं, होतो, आणि कधी दारूला न शिवलेला माणूसही इथेच येऊन झोपतो.

[दृश्य: बँड बसवताना. आवाज कमी ठेवावा.]

नळीच्या टोकाला पारदर्शक टोपी, तिच्यावर रबराची बारीक कडी चढवलेली. शीर टोपीत ओढून घेतली जाते. पडदा लाल होतो. डॉक्टर मूठ फिरवतात, कडी सुटते. शिरेचा मणी झाला. एक. पुन्हा खाली, दुसरी. अशा सहा. आवळलेला भाग काही दिवसांत वाळून गळून पडतो. यकृत मात्र होतं तसंच राहतं.

[दृश्य: स्कोप, म्हणजे ती नळी, धुताना.]

हे चित्रण आम्ही मुद्दाम लांबवलंय. नळीला भोक पडलंय का ते आधी पाण्यात बुडवून बघतात, मग आतल्या वाटेतून ब्रश, मग जंतुनाशक, मग कोरडी हवा. शेवटी कपाटात उभी टांगतात, गुंडाळून ठेवत नाहीत. जुलैत पापड जिथे तासाभरात मऊ पडतो, तिथे ती आतून कोरडी ठेवणं हेच मोठं काम. ही नळी आधी वाकतही नव्हती: १८६८ साली जर्मनीत डॉक्टर कुसमाउल यांनी तलवार गिळणाऱ्या खेळकऱ्याच्या घशातून सरळ, कडक नळी उतरवली होती. काचतंतूंची वाकणारी नळी १९५७ साली डॉक्टर हिर्शोविट्झ यांनी आधी स्वतः गिळून पाहिली.

[दृश्य: महामार्ग, रुग्णवाहिका, पाऊस.]

या गाडीतल्या बाईंना कावीळ आहे. पंधरा दिवस झाडपाल्याचं औषध घेतलं, पथ्य कडक पाळलं. पण पित्तनलिकेत अडकलेला खडा पथ्याने हलत नाही. तो काढायला बाजूला बघणारा कॅमेरा असलेला वेगळा स्कोप लागतो, शेजारी एक्स-रे लागतो, आणि त्यावर हात बसलेला डॉक्टर लागतो. आपल्या एंडोस्कोपीच्या खोलीत यातलं काहीच नाही. म्हणून गोव्यातलं बांबोळी, नाहीतर कोल्हापूर, नाहीतर मुंबई. खडा निघाला, त्या घरी आल्या. रक्ताची उलटी होणाऱ्याला हाच रस्ता किती लांब पडेल, ते वायपरच्या पलीकडे बघा.

[दृश्य: पुन्हा किनारा.]

निळ्या गंजीतला तो माणूस दोर आता ओढत नाही. जोर लावायची मनाई आहे. फाइलवर पुढची तारीख तीन आठवड्यांनंतरची. आदल्या रात्री तो जेवत नाही, आणि पहिल्या एसटीने निघतो.