दोन कामांच्या मधली जागा

मंडळी, बांधकामाच्या साइटवरचे दिवस वाया जातात ते काम करताना कमी. एकाचं काम संपून दुसऱ्याचं सुरू होईपर्यंत जास्त. स्लॅबचंच घेऊ. ठाण्यात घोडबंदर रोडला जिकडे पाहाल तिकडे स्लॅबच चढताहेत.

सेंट्रिंग (स्लॅबखालचा तात्पुरता साचा आणि टेकू) झालं, सळईची खालची जाळी बांधली. आता कंड्यूट (वायरींचे पाइप), प्लंबिंगचे स्लीव्ह (नळाचे पाइप स्लॅबमधून जायला ठेवलेली नळकांडी) आणि मग सळईची वरची जाळी. म्हणजे इलेक्ट्रिशियनची वेळ एवढीच: खालची जाळी झाल्यावर, वरची बांधण्याआधी. त्या दिवशी तो कळव्याच्या साइटवर असला तर सळईवाला थांबत नाही, कारण त्याचे पैसे टनावर ठरलेले असतात. तो वरची जाळी बांधून मोकळा होतो. दुसऱ्या दिवशी इलेक्ट्रिशियन येऊन बांधलेल्या तारा कापतो, पाइप आत सरकवतो, आणि सळईला साच्यापासून वर धरणारे कव्हर ब्लॉक पायाखाली निसटतात ते कुणी पाहत नाही. स्लीव्ह राहिला तर याहून वाईट. नंतर कोअर कटिंग करा, म्हणजे झालेल्या स्लॅबला यंत्राने भोक पाडा, त्यात सळई कापली गेली की स्ट्रक्चरल कन्सल्टंटला बोलवा. आणि भोक नीट भरलं नाही तर खालच्या घराच्या छताला ओल येते.

याला मोठं सॉफ्टवेअर लागत नाही. मागणी नीट लिहावी लागते: काय हवं, कोणाकडून, कधीपर्यंत, आणि त्यावाचून कोणाचं अडलंय. 'उद्या इलेक्ट्रिकलचं बघून घ्या' याला मी मागणी म्हणत नाही. 'ए विंग, पाचवा स्लॅब, फॅन बॉक्स आणि कंड्यूट, बुधवारी दुपारी 1 पर्यंत. 2 वाजता वरची जाळी' ही मागणी. समोर एकाच माणसाचं नाव हवं. दोन नावं लिहिली की दोघंही एकमेकांची वाट पाहतात. व्हॉट्सअॅपच्या ग्रुपवर ही ओळ संध्याकाळपर्यंत फोटोंखाली गडप होते, म्हणून ती साइट ऑफिसच्या फळ्यावरही असू द्या. ड्रॉइंगचंही तसंच: सुधारित प्रत आली की जुनी त्याच दिवशी भिंतीवरून काढा. दोन्ही लटकत राहिल्या, तर एखादा सुतार जुन्याच मापाने बीमची पेटी ठोकणार.

आता काँक्रीट. समजा 60 घनमीटर लागणार. 6 घनमीटरच्या ट्रान्झिट मिक्सरच्या (प्लांटवरून काँक्रीट घुसळत आणणाऱ्या गाडीच्या) 10 फेऱ्या. पंपापाशी गाडी रिकामी व्हायला अर्धा तास धरला, तर सलग 5 तास. तयार काँक्रीटच्या आयएस 4926 या भारतीय मानकाप्रमाणे गाडी भरल्यापासून साधारण 2 तासांत रिकामी व्हायला हवी. आपल्याकडे अवजड वाहनांना ठरावीक वेळी बंदी असते, आणि ऐरोली पुलावर अडकलेल्या गाडीसाठी घड्याळ थांबत नाही. मधली गाडी उशिरा आली की आधीचं काँक्रीट सेट होऊ लागतं, कोल्ड जॉइंट (आधीच्या आणि नंतरच्या काँक्रीटमधला एकजीव न झालेला सांधा) पडतो, आणि पावसाळ्यात तिथूनच पाणी झिरपतं. म्हणून पोअर कार्डावर (काँक्रीट ओतण्याआधीच्या तपासणीच्या कागदावर) सेंट्रिंग, सळई, इलेक्ट्रिकल आणि प्लंबिंग अशा चौघांच्या सह्या आदल्या संध्याकाळी 5 ला झाल्याच पाहिजेत. एक सही राहिली, तर प्लांटला तेव्हाच कळवा. सकाळी गाड्या भरल्यावर कळवून काय उपयोग?

दर शनिवारी मोजा. आठवड्यात 20 कामांचा शब्द दिला, 12 झाली. उरलेल्या 8 पुढे कारण लिहा, दोन शब्दांत: माल नाही, माणूस नाही, ड्रॉइंग नाही. तीन आठवडे ओळीने 'ड्रॉइंग नाही' दिसलं, तर मुकादमावर ओरडू नका. आर्किटेक्टच्या ऑफिसात जाऊन बसा आणि तारीख लिहून घेऊनच उठा.