संचालकपद गेलं, हायकोर्ट काय तपासतं?

[दृश्य: उपनिबंधक कार्यालयाचा व्हरांडा, सुनावणीसाठी थांबलेली माणसं]

सहकारी संस्थेच्या समिती सदस्याला, म्हणजे संचालकाला, पदावरून दूर केल्याचा आदेश आला, की संस्थेत चर्चा एकच: त्यानं खाल्लं की नाही? उच्च न्यायालय या प्रश्नात सहसा शिरत नाही. आदेश देणाऱ्याला तो अधिकार होता का आणि आदेश कोणत्या रीतीनं निघाला, हे तिथं पाहिलं जातं.

महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० मध्ये पद जाण्याच्या मुख्य वाटा दोन. कलम ७३ कअ म्हणजे अपात्रता. थकबाकी हे तिचं नेहमीचं कारण. कलम ७८-अ म्हणजे निबंधकानं, सहकारी संस्थांवर देखरेख ठेवणाऱ्या सरकारी अधिकाऱ्यानं, केलेली कारवाई: कर्तव्यात सतत कसूर, हलगर्जीपणा किंवा संस्थेच्या हिताला बाधक कृत्य. या कलमाखाली काढलेल्याला पुढच्या एका कार्यकाळापर्यंत पुन्हा निवडूनही येता येत नाही. अविश्वास ठरावाची गोष्ट वेगळी. त्यानं अध्यक्षाची खुर्ची जाते, समितीचं सदस्यत्व नाही. गावोगावी याची गल्लत होते.

[दृश्य: टेबलावर उघडी फाईल, आवक-जावक शिक्के]

७८-अ ची कारवाई अशी चालते: कारणे दाखवा नोटीस, सदस्याचं लेखी म्हणणं, ज्या संघीय संस्थेशी (सहकारी संस्थांच्या संघाशी) ही संस्था संलग्न आहे तिच्याशी विचारविनिमय, आणि शेवटी कारणांसह आदेश. आदेश बहुधा याच टप्प्यांवर लंगडा पडतो.

नोटिशीत नुसतं ‘कामकाजात गंभीर अनियमितता’ असतं. कोणता ठराव, कोणती तारीख, किती रक्कम, काहीच नाही. ज्या चौकशी अहवालावर सगळी भिस्त, त्याची प्रत दिलेली नसते. कर्ज मंजुरीचा निर्णय अख्ख्या समितीचा, पण पदावरून काढला जातो एकच सदस्य, आणि त्याची वेगळी भूमिका कुठं मांडलेलीच नसते. कधी सुनावणी एका अधिकाऱ्यानं घेतलेली असते. त्याची बदली होते आणि म्हणणं न ऐकलेला दुसराच सही करतो. सगळ्यात नेहमीचा दोष शेवटच्या पानावर सापडतो: ‘सादर केलेला खुलासा समाधानकारक नाही.’ का नाही, ते लिहिलेलं नसतं. ही कारणं पुढं न्यायालयात शपथपत्र करून भरता येत नाहीत. मोहिंदर सिंग गिल प्रकरणापासून, म्हणजे सर्वोच्च न्यायालयाच्या १९७७ च्या निकालापासून, हा नियम पक्का आहे: आदेश त्यात लिहिलेल्या कारणांवरच टिकला पाहिजे.

मध्य प्रदेशातल्या पन्ना जिल्हा सहकारी केंद्रीय बँकेचं संचालक मंडळ बरखास्त झालं, तेव्हा रिझर्व्ह बँकेशी कायद्यानं आवश्यक असलेला विचारविनिमय नीट झालाच नव्हता. २०१३ मध्ये संजय नगायच प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं मंडळाला पुन्हा बसवलं. त्याआधी, २०१२ मध्ये, उरण नगर परिषदेचे अध्यक्ष रवी यशवंत भोईर यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालय म्हणालं होतं की निवडून आलेल्याला काढायला तितकंच गंभीर कारण आणि काटेकोर प्रक्रिया लागते. ते प्रकरण नगरपालिकेचं असलं, तरी सहकारातही हा युक्तिवाद चालतो.

[दृश्य: मुंबई उच्च न्यायालयाची इमारत, बाहेरून]

उच्च न्यायालयात थेट केलेली रिट याचिका मात्र सहसा ऐकली जात नाही. ७८-अ च्या आदेशावर आधी कलम १५२ खाली अपील करायचं. मुदत आदेश कळवल्यापासून दोन महिने, आणि अपिलासोबत स्थगितीचा अर्ज. आदेश देणाऱ्याला अधिकारच नव्हता किंवा म्हणणंच ऐकलं नाही, अशा प्रकरणांत अपील न करताही संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट करून दाद मागता येते.

न्यायालय नवा पुरावा घेत बसत नाही, म्हणून खरी तयारी निबंधकाकडेच करावी लागते. लेखी उत्तरात प्रत्येक आरोपाला वेगळा परिच्छेद द्यावा. सभेत विरोध केला असेल, तर तो नोंदलेल्या इतिवृत्ताची प्रत जोडावी. न मिळालेली कागदपत्रं लेखी मागावीत आणि त्या अर्जावर पोच घ्यावी. तोंडी मागणीचा फाईलमध्ये मागमूस राहत नाही.

जिंकल्यावरही बऱ्याचदा प्रकरण फेरसुनावणीसाठी निबंधकाकडे परत जातं, आणि तोवर पाच वर्षांचा कार्यकाळ सरत असतो. त्यामुळे स्थगिती मागतानाच दुसरी विनंतीही लिहून मागावी: याचिकेचा निकाल लागेपर्यंत रिकामी जागा भरू नये.