‘बेबी’पासून ‘छोटी बहन’पर्यंत आणि त्यापुढे

मंडळी, बालकलाकार पडद्यावर येतो कसा, याचं आपल्याला फार कौतुक असतं. खरी अडचण येते ती नावामागचं ‘बेबी’ गळून पडतं तेव्हा. हिंदी चित्रपटांतली अभिनेत्री नंदा हिच्या कारकिर्दीत ही अडचण इतकी स्पष्ट दिसते, की आज मी तेवढ्याच भागाबद्दल बोलणार आहे.

जन्म कोल्हापूरचा, 8 जानेवारी 1939. वडील मास्टर विनायक, म्हणजे ‘ब्रह्मचारी’सारखा चित्रपट देणारे नट-दिग्दर्शक. 1947च्या ऑगस्टमध्ये ते गेले, तेव्हा मुलगी आठ वर्षांची होती. त्यांचा ‘मंदिर’ हा चित्रपट अपुरा राहिला होता. तो दिग्दर्शक दिनकर पाटलांनी पुरा केला आणि 1948 साली पडद्यावर ‘बेबी नंदा’ आली. घर चालवायचं होतं, म्हणून पुढे कामं करणं भागच होतं. हौस वगैरे नंतरच्या गोष्टी.

लहान मुलाचं काम बहुतेक दिग्दर्शक करून घेतो. इकडे बघ, आता मान खाली घाल, आता रड, असे छोटे छोटे शॉट घेतात आणि बाकीचं संकलक जुळवतो. मोठेपणी लांब प्रसंग एका दमात पेलावा लागतो. सांगितलेलं बिनचूक करण्याची सवय तिथे नडते, आणि प्रेक्षकाच्या डोळ्यांसमोरून ते पोर हलत नाही ते वेगळंच. अशा मुलीला निर्माता नायिका करायला बिचकतो, पण बहीण करायला एका पायावर तयार असतो.

नंदाचं तेच झालं. निर्माते-दिग्दर्शक व्ही. शांताराम नात्यातले. त्यांच्या राजकमल या चित्रसंस्थेच्या ‘तूफान और दिया’त (1956) ती मोठ्या भूमिकेत आली, तीही भावाला सांभाळणारी बहीण म्हणून. 1957च्या ‘भाभी’त बालविधवा. 1959 साली एल. व्ही. प्रसाद यांच्या ‘छोटी बहन’मध्ये अंध बहीण, आणि ‘भैया मेरे राखी के बंधन को निभाना’ हे गाणं. राखीपौर्णिमेला रेडिओवर ते अजून लागतं. एका नटीची प्रतिमा दरवर्षी ठरलेल्या दिवशी नव्याने पक्की करणारं दुसरं गाणं शोधून दाखवा!

बहिणीच्या भूमिकेत रडायला भरपूर वाव असतो, बक्षीसही मिळतं. ‘आँचल’साठी तिला फिल्मफेअर मिळालं, सहाय्यक अभिनेत्रीचं. पण वितरक चित्रपट घेतो तो नायक-नायिकेच्या जोडीवर, आणि बहिणीची कुणाशीच जोडी होत नाही. शिवाय आज ज्याला राखी बांधली, त्याच्याबरोबर उद्या प्रेमगीत कसं शोभणार, ही भीती असतेच. नंदाने ती खोटी पाडली. ‘काला बाज़ार’मध्ये (1960) ती देव आनंदची बहीण होती, आणि पुढच्याच वर्षी ‘हम दोनों’मध्ये त्याची पत्नी. प्रेक्षकांनी दोन्ही मानलं. मात्र ‘हम दोनों’तलं तिचं लक्षात राहिलेलं गाणं म्हणजे ‘अल्ला तेरो नाम’. सोज्वळपणा काही सुटला नव्हता.

तो सुटला शशी कपूरबरोबर. तेव्हा तिचं नाव झालेलं होतं आणि तो नवखा होता. ‘चार दीवारी’पासून (1961) दोघांनी आठ चित्रपट केले. सुरुवातीचे चालले नाहीत, तरी तिने त्याच्याबरोबर काम सोडलं नाही. ‘जब जब फूल खिले’त (1965) काश्मिरातल्या हाउसबोटीवर उतरणारी श्रीमंत घरातली, पाश्चात्त्य कपड्यांतली रीटा दिसली आणि धाकट्या बहिणीचा पदर एकदाचा सुटला.

माझ्या मते तिचं सर्वात अवघड काम ‘इत्तफ़ाक़’ (1969). यश चोप्रांचा चित्रपट, बहुतेक सगळा एका घरात आणि एका रात्रीत घडणारा. गाणं एकही नाही. नायिकेला श्वास घ्यायला गाणी मदत करतात. इथे ती सोयच नव्हती. बिनगाण्याचा ‘क़ानून’ तिने 1960 साली केला होता, पण तिथे रहस्याचा भार इतरांवर होता. इथे तिच्या निरागस चेहऱ्यावर आपण विश्वास ठेवतो आणि त्यावरच चित्रपट आपल्याला फसवतो. बहिणीच्या भूमिकांनी जमवलेली पुण्याई दिग्दर्शकाने इथे उलटी वापरली. सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीसाठी फिल्मफेअरचं नामांकनही झालं.

सत्तरच्या दशकातलं फार सांगण्यासारखं नाही. ‘शोर’मध्ये (1972) पाहुणी भूमिका, पण ‘एक प्यार का नग़मा है’ तिच्या वाट्याला आलं. मग बराच काळ ती दूर राहिली आणि परतली ती आईच्या भूमिकांत. राज कपूर यांच्या ‘प्रेम रोग’मध्ये (1982) तिची मुलगी झाली पद्मिनी कोल्हापुरे, तीही लहानपणीच कॅमेऱ्यासमोर आलेली. ‘भाभी’त विधवेचं जे पांढरं लुगडं नंदाच्या अंगावर होतं, ते पंचवीस वर्षांनी पद्मिनीच्या अंगावर आलं, आणि नंदा शेजारी आई म्हणून उभी होती.