आम्हाला त्यातलं काय कळतंय?

नमस्कार श्रोतेहो.

फेब्रुवारी-मार्च म्हणजे आपल्या सांगली जिल्ह्यात श्वास घ्यायला फुरसत नसलेले दिवस. तासगाव, कवठेमहांकाळ, मिरजेच्या पूर्व भागात द्राक्षांचा माल निघत असतो, बेदाण्याच्या शेडवर जाळ्यांवर मणी वाळत असतात, वाळवा-पलूसकडं ऊसतोड चालू असते. आणि नेमक्या त्याच दिवसांत बारावी-दहावीच्या परीक्षा. मोठी माणसं उजाडायच्या आत बागेत, पोरगं घरात एकटं पुस्तकासमोर. व्यापाऱ्यानं दर पाडलाय, आभाळ भरून आलंय, अशा वेळी बापाच्या तोंडून एकच वाक्य निघतं, "झाला का रे अभ्यास?" पोरगं म्हणतं, "चाललाय." संपलं संभाषण.

हेच पालक शाळेत भेटले की म्हणतात, "सर, आम्हाला त्यातलं काय कळतंय? तुम्हीच दोन शब्द सांगा त्याला."

आजचं माझं बोलणं या वाक्यावरच आहे. एक तर शिकलेले आईबाप असल्याशिवाय पोरं शिकत नाहीत असं असतं, तर आपल्या भागात शिक्षण आलंच नसतं. कर्मवीर भाऊराव पाटलांनी १९१९ साली कराड तालुक्यातल्या काले गावी रयत शिक्षण संस्था काढली, १९२४ साली साताऱ्यात वसतिगृह सुरू केलं. तिथं आलेल्या किती मुलांच्या घरी पाटी-पुस्तक होतं? आणि दुसरं म्हणजे, दोन शब्द सांगणारे त्या पोराला ढिगानं भेटतात. काका सांगतात, मामा सांगतात, क्लासवाले सांगतात. मोबाईलवर तर छातीठोक आवाजात, मागं संगीत लावून सांगतात. ते ऐकून अंगात येतं, आणि भौतिकशास्त्राचा धडा उघडला की उतरतं. त्याचं ऐकून घेणारं माणूस मात्र सहसा भेटत नाही. आणि ऐकायला विषय यावा लागत नाही.

आता एक प्रसंग बघा. कुठल्याही घरातला धरा.

"सारखा मोबाईल हातात. बारावीचं वर्ष हाय."

"आत्ताच उघडलाय."

"शेजारची पोरगी बघ, पहाटं चारला उठती."

"तिला घरात काम नसतंय. आणि तिच्या क्लासला सगळं शिकवून झालंय."

"मग तुझ्या क्लासची फी काय फुकट भरली?"

"मी कुठं म्हटलं होतं भरा म्हणून?"

दोन मिनिटांत पोरानं अभ्यास न करण्याची वकिली पूर्ण केली. आणि गंमत अशी की ती त्याच्याकडून आपणच करून घेतली. विल्यम मिलर नावाच्या अमेरिकी मानसशास्त्रज्ञानं १९८३ साली दारूचं व्यसन असलेल्या लोकांबरोबरच्या कामातून हेच मांडलं. त्याचं म्हणणं, बदल करायचा की नाही अशा पेचात असलेला माणूस दोन मनांत असतो. समोरच्यानं एक बाजू लावून धरली की तो आपोआप दुसरी बाजू लढवायला लागतो, आणि स्वतःच्या तोंडून बोललेलं त्याला स्वतःलाच पटत जातं. पुढं स्टीफन रॉलनिक यांच्याबरोबर मिलरनं यावर पद्धतशीर काम केलं आणि बदलाची बाजू आपण न मांडता त्या माणसाच्याच तोंडून येऊ द्यायची, ही रीत आज जगभर दवाखान्यांत, समुपदेशनात वापरली जाते. अभ्यास म्हणजे व्यसन नव्हे, हे मान्य. पण सतरा वर्षांचं पोरगंही दोन मनांतच असतं. त्याला मार्कही पाहिजे असतात आणि आजचा दिवस सुटकाही पाहिजे असते. आपण "मार्क, मार्क" म्हटलं की सुटकेची बाजू त्याच्या वाट्याला येते.

तेच घर, दुसरी संध्याकाळ. आई भाकरी थापतेय. पोरगं उंबऱ्यात येऊन बसलंय.

"आज मन लागंना व्हय?"

"नाही लागत."

आई काही बोलत नाही. तव्यावरची भाकरी उलटते.

"गणित काढलं की पोटात गोळा येतोय."

"समद्या गणिताचा?"

"समद्या नाही... इंटिग्रेशनचा. बाकीचं येतंय तसं. मॅट्रिक्स येतंय."

"मॅट्रिक्स येतंय."

"हां. ते आज पक्कं करून टाकतो, तेवढे मार्क तरी हातचे जायचे नाहीत. इंटिग्रेशनचं उद्या सरांना विचारतो."

या माउलीला मॅट्रिक्स म्हणजे काय ते ठाऊक नाही. तिनं सल्ला दिला नाही, धीर दिला नाही, कुणाचं उदाहरण दिलं नाही. पोटातला गोळा अख्ख्या गणिताएवढा होता, तो एका प्रकरणाएवढा झाला, तो तिच्या दोन शब्दांच्या प्रश्नानं. आणि "मॅट्रिक्स येतंय" हे तिनं नुसतं त्याचंच वाक्य त्याला परत दिलं. पण बघा, त्यानं दोन गोष्टी सांगितल्या होत्या, एक येत नाही ती आणि एक येते ती. तिनं दुसरी उचलली. पुढचा बेत पोरानं आपला आपण केला, म्हणून तो रात्री बसेलही. बापानं केलेला बेत असता तर बसला असता की नाही, मला शंका आहे.

आणि ती गप्प राहिली, ते विसरू नका. प्रश्न विचारून आपणच उत्तर द्यायची आपल्याला भारी घाई. आम्ही इथं स्टुडिओत पाच सेकंद गप्प बसलो तर काचेपलीकडचे लोक उठून उभे राहतात आणि तुम्हाला वाटतं स्टेशन गेलं. घरात तसली अडचण नाही. थोडं थांबलात, तर दुसरं वाक्य येतं, आणि खरं काय ते बहुतेक दुसऱ्या वाक्यात असतं. एक शब्द मात्र टाळा, "का". "का नाही केलास?" म्हटलं की पोरगं सबब शोधतं. "कुठं अडलं?" म्हटलं की जागा दाखवतं.

ऐकण्याचा आणखी एक प्रकार आहे, आणि तो मला तर जास्त आवडतो. पोरानं वाचलेला धडा त्याच्या तोंडून ऐकायचा. २००६ साली रोडिगर आणि कार्पिकी या दोन अमेरिकी संशोधकांनी विद्यार्थ्यांना एक उतारा दिला. काहींनी तो पुनःपुन्हा वाचला. काहींनी एकदा वाचून बाजूला ठेवला आणि आठवून आठवून लिहून काढला. पाच मिनिटांनी विचारलं तर वाचणारे पुढं होते. आठवड्यानं विचारलं तेव्हा नुसतं वाचणाऱ्यांना ४० टक्के आठवलं आणि आठवून लिहिणाऱ्यांना ६१ टक्के. म्हणजे पुस्तक मिटून सांगता येणं हाच अभ्यास. सांगायला कुणीतरी समोर असलं की सांगणं सोपं जातं, आणि लसूण सोलत बसलेली आजी हा उत्तम श्रोता. तिला कुठं जायचं नसतं.

बारावीच्या जीवशास्त्रात झाड पाणी कसं ओढतं हा धडा आहे. नात सांगतेय, मुळातून पाणी खोडात जातं, तिथून पानात. आजी मध्येच विचारते, "पर वर चढतंय कसं? खालून मोटार लावलीया व्हय?" नात अडखळते, कारण हेच तिनं वरवर वाचलेलं असतं. मग पुस्तक उघडून सांगते: पानांतून वाफ उडते आणि तिच्या ओढीनं पाणी वर चढतं, शिवाय मुळं खालून दाब देतात, त्याला रूट प्रेशर म्हणायचं. कोपऱ्यात बसलेला बाप म्हणतो, "छाटणी केल्यावर काडीच्या तोंडातनं पाणी गळतंय, ते तेच का?" तेच. द्राक्षाच्या वेलाचं छाटणीनंतरचं गळणं हे रूट प्रेशरचं अगदी पुस्तकी उदाहरण. बापानं आयुष्यभर बघितलेलं, आणि पोरीनं पाठ केलेलं. आता परीक्षेत तो प्रश्न आला तर ती विसरेल असं मला वाटत नाही. आणि "आम्हाला त्यातलं काय कळतंय" म्हणणाऱ्या घराला बरंच कळत होतं.

बक्षिसाचं थोडक्यात सांगतो. "९० टक्के पाड, गाडी घेतो." एडवर्ड डेसी या अमेरिकी मानसशास्त्रज्ञानं १९७१ साली कॉलेजच्या मुलांना ठोकळ्यांची कोडी सोडवायला दिली. काहींना प्रत्येक कोड्याला एक डॉलर दिला. नंतर पैसे बंद केले, तर पैसे घेतलेल्यांनी रिकाम्या वेळात कोड्याला हात लावणं कमी केलं. गाडी द्यायची तर द्या, तुमचा आनंद आहे. अभ्यासाचा भाव म्हणून बोलू नका.

आता अवघड भागाकडं येतो. ऐकायचं ठरवलं की नको असलेलंही कानावर येतं. पुण्यात खोली घेऊन स्पर्धा परीक्षेची तयारी केलेली मुलं गावी परततात आणि तालुक्याच्या अभ्यासिकेत बसतात. लग्नात गाठून लोक विचारतात, "मग, पोस्ट कधी?" म्हणून ती लग्नाला जायचीच सोडतात. असा मुलगा एका रात्री घरी म्हणेल, "मला हे आता करायचं नाही." ज्या घरानं त्याच्यासाठी रान गहाण टाकलंय, तिथं हे वाक्य ऐकून घेणं सोपं नाही. तरी त्या रात्री निकाल लावू नका. "बरं. किती दिवसांपासनं वाटतंय असं?" एवढंच विचारा. कधी कळतं की पोरगं नुसतं दमलंय आणि महिन्याभरानं परत बसणार आहे. कधी कळतं की त्यानं मनात दुसरं काम ठरवलंय, फक्त सांगायची हिंमत नव्हती. दोन्हींत फरक आहे, आणि तो ओरडून कळत नाही.

आणि बोलणं त्याहून पुढं गेलं, जगण्यात अर्थ नाही असं काही पोरगं बोललं, जेवण-झोप तुटली, माणसांत येईना, तर "असलं बोलू नये" म्हणून गप्प करू नका. जिवाचं बरंवाईट करायचं मनात येतंय का, हे सरळ विचारा. विचारल्यानं विचार डोक्यात शिरत नाही. त्याला एकटं सोडू नका, आणि १४४१६ वर फोन लावा. ही टेलिमानस नावाची सरकारी सेवा, २०२२ च्या ऑक्टोबरपासून सुरू आहे. फुकट आहे, रात्री-अपरात्री चालते, मराठीत बोलता येतं. आईबापांनी स्वतः फोन केला तरी चालतो.

पेन जवळ नसेल त्यांच्यासाठी नंबर परत सांगतो: एक, चार, चार, एक, सहा.

माझी वेळ झाली. नमस्कार.