ससा, कासव आणि आमच्या चाळीतला टीव्ही

नमस्कार श्रोतेहो. चित्रपट दिग्दर्शिका सई परांजपे यांच्याविषयी बोलायचं, तर सुरुवात आकाशवाणीपासूनच करायला हवी. पुणे केंद्रावर निवेदिका म्हणून त्यांनी काम सुरू केलं. पुढे राष्ट्रीय नाट्य विद्यालय, दिल्ली दूरदर्शन आणि मग सिनेमा. अंध मुलांच्या शाळेतला ‘स्पर्श’, १९८१ चा ‘चश्मेबद्दूर’, १९८३ चा ‘कथा’, नंतर गिरणी कामगारांचा ‘दिशा’.

त्यांचे सिनेमे डोळे मिटून ऐका, माणसं दिसतात. ही रेडिओची तालीम, असं माझं ठाम मत आहे. हल्ली पार्श्वसंगीत इतकं दणदणीत असतं की संवाद कानापर्यंत पोचतच नाहीत. असो.

मला सांगायचंय ‘कथा’बद्दल. ‘ससा आणि कासव’ या मराठी नाटकावरून केलेला, चाळीतला सिनेमा. फारूख शेखचा बाशू म्हणजे ससा, नसीरुद्दीन शाहचा राजाराम म्हणजे कासव. तो दूरदर्शनवर लागला तेव्हा आमच्या मजल्यावर एकच टीव्ही होता, आमचा. दाराबाहेर चपलांचा ढीग. राजाराम चाळीतल्याच संध्याजवळ मनातलं बोलेना, तशा बायका ओरडायच्या, “अरे, बोल की मेल्या!” हसून हसून सगळ्यांची मुरकुंडी.

मग शेवट आला. बाशू संध्याला सोडून पसार होतो. राजाराम पुढे येतो. संध्या त्याला खरं काय ते सांगते, आणि तरीही तो मागे हटत नाही. ऐकलंत ना? तरीही मागे हटत नाही. खोलीत कुणी हुं की चूं केलं नाही.

आमच्याच गॅलरीत, तिसऱ्या खोलीत, ठरलेलं लग्न मोडलेली एक मुलगी राहायची. ती सिनेमाला आली नव्हती. तिला कुणी बोलावलंच नव्हतं. पुन्हा सांगते, कुणी बोलावलंच नव्हतं. आणि नळावर तिच्याविषयी सगळ्यांत जास्त बोलायची ती माझी आजी.

त्या रात्री आजी न बोलता अंथरुणावर पडली. पुढच्या रविवारी सिनेमाची वेळ झाली, तशी मला म्हणाली, “जा गं, तिसऱ्या खोलीत हाक मार. म्हणावं, आजीनं जागा धरलीय.”

ती आली. दारातच घुटमळली. आजीनं स्वतःचा पाट तिच्याकडे सरकवला आणि आपण फरशीवर बसली. त्या दिवशी कुठला सिनेमा होता, ते मला मुळीच आठवत नाही.