रमला–लोदची खानेसुमारी

(दृश्य: रमला. बाजारातल्या गर्दीवरून कॅमेरा वर सरकतो आणि चौकोनी दगडी मनोऱ्यावर थांबतो.)

तेल अवीवहून जेरुसलेमच्या दिशेनं निघालं, की थोड्याच वेळात ही दोन शहरं लागतात. रमला आणि लोद. एकमेकांना जवळजवळ चिकटलेली. इस्रायलचा बेन गुरियन विमानतळ लोदच्या वेशीवरच आहे. मुंबईहून येणारा प्रवासी इथे उतरतो, टॅक्सी करतो आणि पुढे निघून जातो. शहरात शिरायचं त्याला काही कारण नसतं.

आपण शिरणार आहोत. ज्यू आणि अरब यांच्या लोकसंख्येचा इतिहास संपूर्ण प्रदेशाच्या तक्त्यांत वाचला, तर माणसं दिसेनाशी होतात. दोन गावांत वाचला, तर घराघरापर्यंत पोचता येतं.

(दृश्य: जुना छापील तक्ता, त्यातल्या दोन ओळी ठळक होतात.)

23 ऑक्टोबर 1922. ब्रिटिशांनी पॅलेस्टाइनमध्ये केलेली पहिली खानेसुमारी. लोदचं अरबी नाव लिद्द, इंग्रजांच्या कागदावर लिद्दा. तिथली लोकसंख्या 8,103. त्यात मुसलमान 7,166, ख्रिस्ती 926 आणि ज्यू 11. शेजारच्या रमलात एकूण 7,312. मुसलमान 5,837, ख्रिस्ती 1,440, ज्यू 35.

आज लोदमध्ये ऐंशी हजारांहून जास्त लोक राहतात. त्यातले सुमारे 30 टक्के अरब. रमलात अरब साधारण एक चतुर्थांश. बाकी बहुतेक ज्यू. आणि त्या ज्यूंमध्ये पेण, रोहा, नवगाव, रेवदंड्याकडची आडनावं लावणारी, घरात मराठी बोलणारी कुटुंबंही आहेत.

शंभर वर्षांत हा तक्ता असा उलटा कसा झाला? जन्म आणि मृत्यू यांनी असं होत नाही. दारं उघडली गेली, दारं बंद केली गेली, आणि काहींना दाराबाहेर काढलं गेलं. त्या दारांची ही गोष्ट आहे.

(दृश्य: लोदमधलं सेंट जॉर्जचं चर्च आणि त्याला खेटून उभी असलेली मशीद.)

आधी थोडं मागे जायला हवं. इसवी सन 70 मध्ये रोमनांनी जेरुसलेमचं मंदिर पाडलं. त्यानंतर लोद हे ज्यू विद्येचं मोठं केंद्र होतं. रब्बी एलिएझर आणि रब्बी तारफोन हे धर्मपंडित इथलेच. पुढे गाव ख्रिस्ती झालं, संत जॉर्जची समाधी इथे मानली जाते. आठव्या शतकाच्या सुरुवातीला उमय्यद राजपुत्र सुलेमान बिन अब्दुल मलिक यानं शेजारी रमला वसवलं आणि पॅलेस्टाइन प्रांताची राजधानी केली. हा जो पांढरा मनोरा म्हणतात, तो मामलुकांच्या काळातला, 1318 चा. अरब राजवटीतल्या रमलात ज्यूंची वस्ती होती, त्यांच्यातल्या कराईट पंथाचीही होती. अकराव्या शतकातल्या भूकंपांनी शहर खचलं, नंतर क्रुसेडच्या लढायांत भरडलं गेलं.

म्हणजे या मातीत कोण आधीचं, हा वाद इथे उभं राहून घालायचा म्हटला तर दोन्ही बाजूंच्या पायाखाली काही ना काही सापडतंच.

तुर्कांच्या काळात यायला हवं, कारण आजचे बरेचसे दावे तिथून सुरू होतात. ऑटोमन दप्तरात माणसं मोजली जात ती करासाठी आणि सैन्यभरतीसाठी, त्यामुळे बायकामुलं नीट मोजलीच जात नसत. परदेशी पासपोर्टवर राहणारे ज्यू त्या वह्यांतून सुटत. तरी अभ्यासकांनी अंदाज बांधले आहेत. 1880 च्या आगेमागे पॅलेस्टाइनमध्ये साडेचार लाखांच्या आसपास लोक होते. ज्यू त्यातले पंधरा ते पंचवीस हजार, मुख्यतः जेरुसलेम, हेब्रॉन, सफेद आणि तिबेरियस या चार पवित्र शहरांत. बाकी अरबी बोलणारे मुसलमान आणि ख्रिस्ती.

हे आकडे नीट ऐकून ठेवा. ‘जमीन रिकामी होती’ असं एक बाजू म्हणते. साडेचार लाख माणसं असलेली जमीन रिकामी नसते. ‘ज्यू इथे नव्हतेच, ते युरोपातून आलेले उपरे’ असं दुसरी बाजू म्हणते. जेरुसलेममध्ये तर एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ज्यूंचंच बहुमत होतं. दोन्ही वाक्यं अजून सर्रास फिरतात, आणि दोन्ही खोटी आहेत.

1882 पासून रशियन साम्राज्यातल्या दंगलींमुळे ज्यूंचे जथे येऊ लागले. 1917 मध्ये ब्रिटिशांनी बाल्फोर जाहीरनामा काढला आणि ज्यूंना ‘राष्ट्रीय घर’ देण्याचं वचन दिलं. तेव्हा दहांतले जवळजवळ नऊ रहिवासी अरब होते, आणि त्या जाहीरनाम्यात त्यांचा उल्लेख फक्त ‘बिगरज्यू समाज’ एवढाच. ज्याची गणती सर्वांत मोठी, त्याचं नावही नाही. मला वाटतं, पुढच्या कित्येक गोष्टींचं मूळ त्या एका कागदात आहे.

(दृश्य: हैफा बंदर, बोटीतून उतरणारी माणसं. जुनं चित्रीकरण.)

1922 मध्ये एकूण लोकसंख्या 7 लाख 57 हजार, ज्यू सुमारे 84 हजार, म्हणजे 11 टक्के. 1931 च्या खानेसुमारीत एकूण 10 लाख 35 हजार, ज्यू पावणेदोन लाखांच्या आसपास, 17 टक्के. मग 1933 मध्ये जर्मनीत हिटलर आला. अमेरिकेनं आपली दारं आधीच आवळून घेतली होती. एकट्या 1935 मध्ये साठ हजारांहून जास्त ज्यू पॅलेस्टाइनमध्ये उतरले. 1946 च्या अखेरीस ज्यू सहा लाखांवर गेले होते, अरब बारा लाखांवर.

अरबही वाढत होते, तेही वेगानं. मलेरियाच्या दलदली आटवल्या गेल्या, बालमृत्यू कमी झाले, जन्म मात्र पूर्वीइतकेच राहिले. शेजारच्या देशांतून कामासाठी काही जण आले, पण अरबांची वाढ मुख्यतः घरच्या पाळण्यांतूनच झाली, हे बहुतेक लोकसंख्याशास्त्रज्ञ मान्य करतात. ज्यूंची वाढ मुख्यतः बंदरातून झाली. म्हणून बंदराचं दार किती उघडं ठेवायचं, हाच राजकारणाचा सगळ्यात मोठा प्रश्न झाला. त्यावरून रक्त सांडलं. 1929 मध्ये हेब्रॉनमध्ये 67 ज्यू मारले गेले आणि शतकानुशतकांची ती वस्ती उठली. 1936 ते 39 अरबांचा उठाव झाला, तो ब्रिटिशांनी चिरडला. आणि 1939 मध्ये, ज्यूंना जगात कुठेही आसरा हवा होता नेमक्या त्या वर्षी, ब्रिटिशांनी पुढच्या पाच वर्षांसाठी 75 हजारांची मर्यादा घातली.

29 नोव्हेंबर 1947. संयुक्त राष्ट्रांत फाळणीचा ठराव मंजूर झाला. भारतानं विरोधात मत दिलं. तीनच महिन्यांपूर्वी आपल्या घरची फाळणी झालेली होती. नकाशावर रमला आणि लोद ही दोन्ही शहरं अरब राज्यात होती.

(दृश्य: लोद. दाहमश मशीद. कॅमेरा स्थिर.)

जुलै 1948. मे महिन्यात इस्रायल हे राष्ट्र जाहीर झालं होतं आणि शेजारच्या अरब देशांशी युद्ध पेटलं होतं.

तोवर दोन्ही गावं दुथडी भरली होती. मे महिन्यात तेल अवीवशेजारचं याफा हे अरब शहर पडलं, तिथून आणि आसपासच्या खेड्यांतून पळालेली माणसं इथे मशिदींत, शाळांत, ऑलिव्हच्या बागांत येऊन राहिली होती. इस्रायली सैन्यानं 11 जुलैला लोदमध्ये प्रवेश केला. 12 तारखेला जॉर्डनच्या काही चिलखती गाड्या गावात शिरल्या, गोळीबार झाला, आणि त्यानंतर जे झालं त्यात दाहमश मशिदीत आसरा घेतलेली माणसंही मारली गेली. इस्रायली सैन्याच्या स्वतःच्या अहवालातच गावातल्या मृतांचा आकडा अडीचशेच्या आसपास दिलेला आहे. त्याच दिवशी लेखी हुकूम निघाला: लोदच्या रहिवाशांना, वय न बघता, ताबडतोब बाहेर काढा. त्यावर सही होती यित्झाक राबिन यांची. हेच राबिन पुढे पंतप्रधान झाले, त्यांना शांततेचं नोबेल मिळालं, आणि 1995 मध्ये एका ज्यू अतिरेक्यानं त्यांचा खून केला. आपल्या आठवणींत त्यांनी या हकालपट्टीबद्दल लिहिलं होतं. इस्रायलच्या सेन्सॉरनं तो मजकूर कापला, पण 1979 मध्ये तो अमेरिकेतल्या वर्तमानपत्रात छापून आलाच.

रमलाच्या लोकांना बरंचसं अंतर बसनं नेण्यात आलं. लोदचे लोक चालत निघाले. जुलैचं ऊन, पूर्वेकडे चढत जाणारी खडकाळ वाट, डोक्यावर गाठोडी, कडेवर पोरं. विहिरींवर झुंबड उडाली. आधी सामान टाकून दिलं गेलं, मग वाटेत म्हातारी माणसं आणि लहान मुलं तहानेनं गेली. दोन्ही गावांतून मिळून पन्नास ते सत्तर हजार माणसं बाहेर पडली. मागे राहिली हजार-दोन हजार. त्यात रेल्वेचे कामगार होते, कारण लोद हे मोठं जंक्शन होतं आणि गाड्या चालवायला माणसं लागत होती. त्या उरलेल्यांना कुंपण घातलेल्या भागात ठेवलं, आणि त्या भागाला नाव पडलं ‘घेट्टो’. युरोपातून जेमतेम वाचून आलेल्या ज्यूंच्या देशात हा शब्द वापरला गेला, हे सांगताना आजही जीभ अडखळते.

त्या युद्धात एकूण सुमारे सात लाख पॅलेस्टिनी अरब घरं सोडून गेले; काही भीतीनं, काही प्रत्यक्ष हाकलल्यामुळे. जिथे अरब सैन्य जिंकलं, तिथेही हेच झालं. जेरुसलेमच्या जुन्या शहरातला ज्यू मोहल्ला रिकामा झाला, आणि वेस्ट बँकमध्ये एकही ज्यू वस्ती उरली नाही.

8 नोव्हेंबर 1948 रोजी इस्रायलनं आपली पहिली खानेसुमारी केली, देशभर संचारबंदी लावून. त्या रात्री जो घरात सापडला, त्याची नोंद झाली. जो सीमेपलीकडच्या तंबूत होता, त्याचं घर ‘गैरहजर मालकाचं’ ठरलं. 1950 मध्ये तसा पक्का कायदाच झाला. तो बेतताना पाकिस्ताननं निर्वासितांच्या मालमत्तेबद्दल केलेल्या कायद्याचाही अभ्यास झाला होता. आपल्या उपखंडात जे शस्त्र घडलं, ते तिकडेही कामी आलं.

रिकामी घरं फार दिवस रिकामी राहिली नाहीत. बल्गेरिया आणि रुमानियातून, मग मोरोक्को, लिबिया, येमेन, इराकमधून माणसं आली. साडेतीन वर्षांत जवळपास सात लाख. देशातली ज्यू लोकसंख्या दुप्पट झाली. यातले अर्धे अरब जगातून आले होते, आणि त्यांच्याकडेही मागे सोडलेल्या घरांच्या गोष्टी होत्या. ज्या बगदादहून डेव्हिड ससून मुंबईला आले, त्या शहरात विसाव्या शतकाच्या सुरुवातीला चारांत एक तरी माणूस ज्यू होता. 1941 मध्ये तिथे ज्यूंची कत्तल झाली, दीडशेहून अधिक जण मेले. 1950–51 मध्ये एक लाख वीस हजारांवर इराकी ज्यूंना नागरिकत्व सोडून विमानात बसावं लागलं. मागोमाग त्यांची मालमत्ता गोठवली गेली. अडीच हजार वर्षांची वस्ती दीड वर्षात संपली.

(दृश्य: रमलातलं किराणा दुकान. फळीवर पोह्यांची पाकिटं, लोणच्याच्या बरण्या.)

आणि आपली माणसं? बेने इस्रायल, म्हणजे कोकणातले मराठी ज्यू, शनवार तेली. भारत स्वतंत्र झाला तेव्हा वीस हजारांच्या घरात होते. मुंबई, ठाणे, पुणे, अलिबाग या भागात. इथे त्यांना कोणी हाकललं नाही, कुणी त्यांच्या प्रार्थनागृहांवर दगड टाकला नाही. ते गेले ते श्रद्धेनं आणि चांगल्या दिवसांच्या आशेनं. बहुतेक जण 1950 आणि 60 च्या दशकांत पोचले, आणि त्यांना नव्या वसाहतींत धाडलं गेलं. बेरशेबा, दिमोना, अशदोद. आणि रमला, लोद.

सुरुवात कडू होती. 1951 मध्ये काही कुटुंबांनी ‘आम्हाला भारतात परत पाठवा’ म्हणून तेल अवीवमध्ये ठाण मांडलं, आणि पुढच्या वर्षी त्यातले बरेच परतलेही. 1960 च्या सुमारास तिथल्या मुख्य रब्बीनं त्यांच्या ज्यूपणाबद्दलच शंका काढली. लग्नाआधी पिढ्यांचा तपास करण्याचे आदेश निघाले. ज्यांनी कोकणात तेलाचे घाणे शनिवारी बंद ठेवून आपला धर्म टिकवला, त्यांना हे ऐकावं लागलं! त्यांनी जेरुसलेममध्ये मुलाबाळांसकट धरणं धरलं. 1964 मध्ये संसदेला जाहीर करावं लागलं, की बेने इस्रायल सर्व अर्थांनी ज्यू आहेत.

आज रमलात मलिदा होतो. ताटात गोड भिजवलेले पोहे, खोबरं, फळं. वर एलियाहू हन्नाबीची, म्हणजे प्रेषित एलियाची प्रार्थना. ‘मायबोली’ नावाचं मराठी त्रैमासिक इस्रायलमधून निघत आलं आहे. हे पाहून ऊर भरून येतो, आणि यायलाच हवा. पण ज्या गावात ते ताट मांडलं जातं, त्या गावातून 1948 मध्ये कोण गेलं, हे त्याच दमात सांगितलं पाहिजे. त्यात रोहेकरांचा, पेणकरांचा दोष नाही. तो त्यांच्या गावाचा इतिहास आहे, आणि आता थोडासा आपलाही.

(दृश्य: लोद, आजचं. एका बाजूला जुन्या चाळवजा इमारती, दुसऱ्या बाजूला नवे मनोरे.)

उरलेल्या अरबांत पुढे नेगेवमधले बेदुइन, आसपासच्या उठलेल्या खेड्यांतली माणसं मिसळली, आणि लोद, रमला पुन्हा मिश्र शहरं झाली. मे 2021 मध्ये लोद पेटलं. सिनेगॉग जाळले गेले, मोटारी जळाल्या, एक अरब आणि एक ज्यू नागरिक प्राणाला मुकला. सरकारनं शहरात आणीबाणी लावली.

पाळण्यांचं गणितही बदललं आहे. 1960 च्या दशकात इस्रायलमधल्या मुस्लिम स्त्रीला सरासरी नऊ मुलं होत. आता ज्यू आणि मुस्लिम दोघींचा आकडा तीनच्या आसपास आला आहे. इस्रायल, वेस्ट बँक आणि गाझा मिळून पाहिलं, तर ज्यू आणि अरब दोन्ही सत्तर लाखांच्या पुढे, जवळजवळ बरोबरीत. एका बाजूला पूर्ण नागरिकत्व, दुसऱ्या बाजूच्या बहुसंख्यांना ते नाही; आकडे सारखे असले तरी माणसांचं वजन सारखं धरलेलं नाही.

डिसेंबर 1948 मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या 194 क्रमांकाच्या ठरावानं म्हटलं, की शांततेनं राहू इच्छिणाऱ्या निर्वासितांना घरी परतू द्यावं. 1950 मध्ये इस्रायलनं कायदा केला, की जगातला कुठलाही ज्यू इथे येऊन स्थायिक होऊ शकतो. ठराव कागदावर राहिला, कायदा चालू आहे. ठाण्यातला बेने इस्रायल तरुण उद्या अर्ज करू शकतो आणि रमलात राहायला जाऊ शकतो. वेस्ट बँकमधल्या रमल्ला शहराच्या कडेला अमारी नावाची निर्वासित छावणी आहे, 1949 पासूनची. तिथे रमला आणि लोदहून आलेली कुटुंबं राहतात. सरळ रेषेत अंतर तीस-पस्तीस किलोमीटर. त्यांच्या अर्जासाठी कुठेही खिडकी नाही.