मार्सेल दालिओ: श्रेयनामावलीत नसलेला नट

श्रोतेहो, नमस्कार.

‘कॅसाब्लांका’ तुमच्यापैकी अनेकांनी पाहिला असेल. त्यात पोलीसप्रमुख जुगाराचा अड्डा बंद करायला लावतो, इथे जुगार चालतो म्हणून धक्का बसल्याचं सांगतो, आणि तेवढ्यात एक माणूस अदबीनं त्यानं जिंकलेले पैसे आणून देतो. तो माणूस म्हणजे मार्सेल दालिओ. १९४२ सालच्या त्या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत त्याचं नाव नाही. आणि तीनच वर्षं आधी फ्रान्समध्ये एका थोर चित्रपटाचा भार त्यानं पेलला होता!

दालिओ पॅरिसचा. आईवडील रोमानियातून आलेले ज्यू. सिनेमात त्याच्या वाट्याला खबरे, लबाड, भेकड असलीच कामं यायची. दिग्दर्शक ज्याँ रन्वार यांनी मात्र १९३९ साली ‘ला रेग्ल द्यू झ्यू’मध्ये त्याला चक्क मार्की केलं, म्हणजे खानदानी उमराव. या मार्कीला यांत्रिक वाद्यं जमवायचा नाद. एका प्रसंगात तो पाहुण्यांसमोर संग्रहातलं सर्वांत भव्य वाद्य उघडतो. दिवे लागतात, बाहुल्या हलू लागतात आणि कॅमेरा त्याच्या चेहऱ्यावर येऊन थांबतो. अभिमानानं फुललेला आणि त्याच क्षणी लाजून चूर झालेला चेहरा! एक शब्द न बोलता इतकं सांगणारा अभिनय मी फार थोडा पाहिला आहे. त्याच चित्रपटात स्वयंपाकघरात नोकरमंडळी मालकाच्या ज्यू आजोळाविषयी कुजबुजतात, ते ऐकताना आजही अंगावर काटा येतो.

पॅरिसच्या प्रेक्षकांनी चित्रपटाची हुर्यो उडवली. लवकरच त्यावर बंदीही आली.

जून १९४०मध्ये जर्मन फौजा आल्या. दालिओ आपली तरुण पत्नी, अभिनेत्री मादलेन लबो हिच्यासह लिस्बनमार्गे निसटला. मागे नाझींनी ‘ज्यू असा दिसतो’ म्हणून त्याचाच चेहरा पोस्टरवर छापून भिंतींवर लावला. त्याचे आईवडील छळछावणीत गेले, ते परत आले नाहीत. ‘कॅसाब्लांका’त फ्रेंच राष्ट्रगीत गाताना रडणारी तरुणी आठवते? ती मादलेन. ते नवरा-बायको खरेच निर्वासित होते.

युद्धानंतर तो फ्रान्सला परतला, हॉलिवूडमध्येही कामं करत राहिला, पण बहुतेक छोटी. मार्कीच्या तोलाची भूमिका त्याला पुन्हा मिळाली नाही, याची मला मनापासून खंत वाटते. १९७३ साली फ्रान्समध्ये तुफान चाललेल्या ‘राबी जाकोब’ या विनोदी चित्रपटात मात्र तो खरा राबी, म्हणजे ज्यू धर्मगुरू, झाला. १९८३ साली पॅरिसमध्येच तो वारला.

मिळाला तर ‘ला रेग्ल द्यू झ्यू’ जरूर पाहा. नमस्कार.